मुजावरांचं जाधव होणं

बँकेतल्या पोरी हल्ली फोनवर एक प्रश्न विचारतात आणि तो विचारला की माझा मुलगा फोन घेऊन गच्चीत जातो. आईचं माहेरचं आडनाव काय, असा तो प्रश्न. मुलगा हळू आवाजात सांगतो, "मुजावर." पलीकडून "सर, परत एकदा सांगता का?" आणि हा चिडून एकेक अक्षर सुटं करून सांगतो. मी खाटेवर बसल्या बसल्या हसते. या आडनावानं त्याला नुसतं गच्चीत पाठवलं, मला तर एकदा भर पंगतीत उभं केलं होतं. ती हकिकत लिहून ठेव, असं नातसून बरेच दिवस म्हणते आहे. लिहिते, पण माझ्या पद्धतीनं लिहीन. मध्येच कुणी साल विचारायचं नाही.

आमचं गाव नांदूरघाटच्या अलीकडं, रस्ता सोडून आत. गावात पीर एकच, गैबीसाहेब, आणि त्यांच्या चौथऱ्याला लागून घर एकच, आमचं. लागून म्हणजे इतकं की पीराची मागची भिंत तीच आमच्या चुलीपुढची भिंत. इकडून माय भाकरी थापायची तेव्हा तिकडून कुणीतरी नवसाला डोकं टेकत असायचं आणि भाकरीच्या थापांबरोबर त्या माणसाचं गाऱ्हाणंही आम्हाला ऐकू यायचं. गावात कुणाला मूल होत नाही, कुणाचा बैल हरवला, कुणाची सून ऐकत नाही, हे आम्हाला गैबीसाहेबांच्या बरोबरीनंच कळायचं. माय त्यावर आपलं मतही द्यायची. "हिला सून ऐकंल कशी? बोलती काय ते बघा," असं ती तव्याकडं बघून म्हणायची. आमच्या देव्हाऱ्यात खंडोबा होता, तुळजाभवानी होती, दारात तुळस होती, आणि आडनाव होतं मुजावर. त्यात काही वावगं आहे असं आम्हाला कधी वाटलं नाही. वाटायचं ते परगावच्या माणसांना.

मला शाळेत घातलं ते थोरल्या भावानं, नांदूरघाटला. त्यानं नाव सांगितलं इंदुमती मुजावर. नाव लिहून घेणारे गुरुजी घाईत असावेत, त्यांनी आडनाव तेवढं ऐकलं आणि मला पलीकडच्या खोलीत पाठवलं. तिथं करीम मास्तर उर्दू शिकवत. निजामाच्या राज्यापासून शिकवत आलेले, पांढरी दाढी, डोळ्यांत सुरमा आणि खिशात कायम भाजलेले फुटाणे. त्यांनी मला विचारलं, "तू इंदुमती? और मुजावर?" मी हो म्हटलं. त्यांनी फुटाणे दिले. फुटाणे मिळतात म्हटल्यावर मी कशाला तक्रार करते? पुढं कितीतरी दिवस मी अलीफ-बे घोकत तिथंच बसले. आण्णांच्या लक्षात आलं ते मी अंगणात कोळशानं उजवीकडून डावीकडं लिहायला लागले तेव्हा. माझे वडील तापट नव्हते, पण त्या दिवशी त्यांनी भावाला दारामागं उभं केलं आणि मला उचलून मराठीच्या वर्गात नेऊन बसवलं. तिथं फुटाणे नव्हते.

आडनावाचा अर्थ मात्र घरात कुणालाच ठाऊक नव्हता. आपल्याच नावाचा अर्थ विचारायची बुद्धी कुणाला होते? आण्णा म्हणायचे, मुजावर म्हणजे मालक, पीराचा सगळा मालकीहक्क आपला. भाऊ म्हणायचा, ती निजामानं दिलेली पदवी आहे, आपले पणजोबा दरबारात जात असत. पणजोबा केजच्या बाजारापलीकडं कधी गेले नव्हते, हे सगळ्या गावाला माहीत होतं. आणि आत्याला विचारलं तर ती सरळ सांगायची, "मुजावर म्हंजे आमी. आनखी काय अर्थ असायचा?"

ही आत्या, सोनाआत्या, आण्णांची थोरली बहीण. नवऱ्यानं दुसरी केली म्हणून तरणेपणीच माहेरी परत आली होती. आजोबांनी तिला पीराच्या दिव्याचं तेल आणि मोरपिसांचा कुंचा हातात दिला आणि सगळ्यांसमोर सांगितलं की दिवाबत्तीचं काम आता हिच्याकडं. तेव्हापासून या घरात तिला कुणी आश्रित म्हटलं नाही. रोज तिन्हीसांजेला ती चौथरा झाडायची, ऊद जाळायची, दिवा लावायची आणि बाहेर येऊन नवसाच्या माणसांच्या पाठीवर मोरपीस फिरवायची. एक फटका जरा जोरातच. ती म्हणायची, गैबीसाहेबांचं लक्ष जाया नको का? आवाज खणखणीत, जीभ त्याहून. दातात कायम मिश्री. गावातले पुढारी तिला बघून वाट बदलायचे, आणि मला ती जगातली सगळ्यांत थोर बाई वाटायची. अजूनही वाटते.

कंदुरीला मात्र पहिला घास बाईचा नसे. कंदुरी म्हणजे पीराला कबूल केलेलं बकरं. नवस फेडणारा माणूस बकरं घेऊन यायचा, लिंबाखाली चुली मांडून मटण शिजायचं, गुळात कुस्करलेल्या पोळीचा मलिदा व्हायचा, करीम मास्तर फातेहा पढायचे. मग मलिद्याचा पहिला घास घरातल्या मुजावरानं, म्हणजे आण्णांनी खायचा आणि त्याच ताटातला दुसरा घास ज्याच्यासाठी नवस बोललेला असेल त्याच्या तोंडात स्वतःच्या हातानं घालायचा. एवढं झालं की नवस पोचला. तोवर कुणी भाकरीचा तुकडासुद्धा मोडायचा नाही. पूर्वी एकानं घाई करून आधीच खाल्लं, त्याचं तोंड जन्मभर वाकडं राहिलं, असं सांगत. तो माणूस मी पाहिला होता. माझ्या मते त्याचं तोंड जन्मतःच वाकडं असावं, पण असलं मत गावात उघड बोलायचं नसतं.

मग तो दुष्काळ आला. आमच्या पिढीची माणसं त्याला सुकडीचा दुष्काळ म्हणतात, म्हणजे कोणता ते कळतंच. विहिरींचे तळ दिसायला लागले, तांबडी मिलो ज्वारी रेशनवर आली, तिची भाकरी थापताना माय शिव्या द्यायची आणि खाताना आम्ही. सगळा गाव रस्त्याच्या कामावर खडी फोडायला जायचा. अजूनही कुठं दगडावर हातोडी पडली की माझ्या तोंडात सुकडीची चव येते. सुकडी म्हणजे कामावर सरकार द्यायचं ते भाजक्या धान्याचं गोडसर पीठ. कोरडी खाल्ली तर ठसका लागायचा, पाण्यात कालवली तर गोळा घशात बसायचा. आमच्या घरातली सगळीच कामावर होतो. आत्या सगळ्यांत जास्त खडी फोडायची आणि प्रत्येक दगडाला कुणाचं तरी नाव द्यायची. तिच्या नवऱ्याच्या नावाचे दगड अगदी बारीक व्हायचे.

अशा दिवसांत मला सिरसाळ्याहून स्थळ आलं. मुलाचे वडील तिथल्या सोसायटीचे चेअरमन. सगळे त्यांना भाऊसाहेब म्हणत. परिसरात सहकारी साखर कारखाना व्हायचा होता आणि भाऊसाहेब त्याचे सभासद गोळा करत गावोगाव फिरायचे. प्यायला पाणी नव्हतं आणि हे उसाच्या गोष्टी सांगायचे. लोक ऐकूनही घ्यायचे, कारण ऐकताना तरी गार वाटायचं. त्यांना त्या कारखान्यावर संचालक व्हायचं होतं. मुलगा सुभाष सोसायटीच्या खताच्या गोदामावर होता. आण्णांना हे स्थळ म्हणजे लॉटरी लागल्यासारखं झालं. चेअरमनचा व्याही झालो की आपणही गावच्या सोसायटीत खुर्चीवर बसू, असं त्यांना वाटत होतं, आणि ते त्यांच्या चालण्यात आधीच दिसायला लागलं होतं.

बघायला आले तेव्हा पाहुण्यांपुढं ठेवायला घरात काही नव्हतं. मायनं कामावरची सुकडी तुपाच्या हातानं वळून तिचे लाडू केले. भाऊसाहेबांनी लाडू खाल्ला, पुन्हा एक मागितला आणि विचारलं, "लई झ्याक झालेत. कशाचे हायेत?" माय म्हणाली, "घरचेच." मी दाराआड पदर तोंडात कोंबला. सुभाषनं ते पाहिलं. तो सावळा, उंच, कपाळावर खताच्या पोत्याची पांढरी रेघ राहिलेला. बघायला येताना तरी धुवून यायचं, असं मला वाटलं, आणि का कुणास ठाऊक, त्या रेघेमुळंच तो मला आवडला.

मग भाऊसाहेब घसा खाकरून आण्णांना म्हणाले, "पोरगी पसंत हाय. पर पाव्हणं, एक अडचन हाय. पत्रिकेत काय छापायचं? मुजावर? सारा तालुका वाचनार हाय पत्रिका."

"आता जे हाय ते हाय, भाऊसाहेब."

"तेच म्हनतो, बदला ते. आपली मानसं तुमी, चांगलं आपल्यातलं नाव लावा. आन् तो दिवा, ते मोरपीस, ते बी सोडून द्या. उद्या मी कारखान्यावर गेलो आन् व्याह्याच्या दारात कंदुऱ्या शिजतात म्हनाले लोकं, तर कसं दिसंल?"

मला राहवलं नाही. मी दाराआडूनच म्हणाले, "लग्न झालं की माझं आडनाव बदलनारच हाय की. तवर दम धरा म्हनावं." सुभाषला लाडवाचा ठसका लागला. सुकडीचे लाडू हसताना खाऊ नयेत.

आण्णा शेवटी हो म्हणाले. संध्याकाळी त्यांनी आम्हाला सगळ्यांना बसवलं आणि जाहीर केलं, "आजपासून आपन जाधव."

आत्यानं विचारलं, "कावून जाधव?"

"आपन मूळचे जाधवच हाव."

"कुनी सांगितलं?"

"न्हाई, असं तरी कुनी सांगितलंय का?"

भावानं मध्येच इनामदार चांगलं वाटतं असं सुचवून पाहिलं, त्याला आण्णांनी हातानंच गप्प केलं. मग आत्या शांतपणे म्हणाली, "बाबा, तुला काय व्हायचं ते हो. पर त्या दिव्यापायी मी ह्या घरात मुजावर हाय. दिवा गेला की मी नुसतं खानारं एक तोंड. हे दुष्काळाचं साल हाय. समजून बोलतोस ना?" आण्णांनी मान खाली घातली. "पोरीचं चांगलं होतंय, आक्का," एवढंच ते म्हणाले. आत्यानं माझ्याकडं पाहिलं. मी तिच्याकडं बघू शकले नाही. मला सिरसाळ्याचा तो पोत्याच्या रेघेचा मुलगा हवा होता आणि आत्याही हवी होती, आणि दोन्ही कसं मिळेल हे मला कळत नव्हतं.

दुसऱ्या दिवशी आत्यानं मोरपिसाचा कुंचा झटकून आण्णांच्या पुढ्यात ठेवला. तेलाची बुधली ठेवली. म्हणाली, "घ्या जाधव." त्या दिवसापासून ती त्यांना दुसऱ्या नावानं हाक मारेना. जेवायला चला जाधव. जाधव, तुमचं धोतर वाळलं. आण्णांना स्वतःचं नवं नाव लक्षात राहायचं नाही, हा आणखी वेगळाच घोळ. कामावर हजेरीला मुकादम "जाधव, जाधव" म्हणून ओरडायचा आणि आण्णा शेजारच्याला विचारायचे, "कोन बे हा जाधव? उत्तर का देईना?" पोरं हसून लोळायची. मला मात्र हसू येईनासं झालं होतं, कारण तिन्हीसांजेला भिंतीपलीकडं अंधार असायचा आणि आत्या चुलीजवळ हात रिकामे ठेवून बसायची. तिला रिकाम्या हातानं बसलेलं मी कधी पाहिलं नव्हतं. माय तशी वाईट नव्हती, पण पिठाच्या डब्यात हात घालताना तीही एकदा म्हणून गेली, "वन्सं, आता दिवाबत्ती न्हाई, तर सकाळी थोडं लवकर खडीवर जात जा." आत्या बरं म्हणाली. त्या दिवसापासून ती अर्धी भाकरी ताटात ठेवून उठायला लागली.

अशातच सिरसाळ्याहून निरोप आला. भाऊसाहेबांच्या आईचा. तिला सगळे बाईजी म्हणत, आणि चेअरमन सोसायटीत कितीही मोठे असले तरी घरात बाईजींच्या पुढं पाटावर सरकून बसायचे, असं ऐकिवात होतं. निरोप असा की सुभाष लहानपणी तापात बोबडी वळून पडला होता तेव्हा तिनं नांदूरघाटकडच्या गैबी पीराला कंदुरी बोलली होती. ती फेडायची राहिली. नवस डोक्यावर ठेवून लग्न लावायचं नसतं, तेव्हा आधी कंदुरी, मग साखरपुडा. भाऊसाहेबांचा इलाज चालला नाही. बाईजींना इतक्या वर्षांनी हा नवस नेमका आत्ताच कसा आठवला, हे मला आजही ठाऊक नाही. एवढंच माहीत आहे की त्याच्या आधीच्या बाजाराला आत्या सिरसाळ्याला जाऊन आली होती आणि विकत काहीच आणलं नव्हतं.

ठरल्या दिवशी सकाळीच जीप आली. जीपमध्ये भाऊसाहेब, सुभाष, बाईजी आणि सगळ्यांत पुढं, ड्रायव्हरशेजारी, बकरं. बाईजी काठी टेकत उतरल्या, बुटक्या, नाकात मोठी नथ, आणि सगळ्यांच्या आधी चौथऱ्याच्या पाया पडल्या. लिंबाखाली चुली पेटल्या. दुपार होईतो मटणाचा वास असा सुटला की रस्त्याच्या कामावरची सगळी माणसं जेवणाच्या सुट्टीत हातोडे घेऊन इकडंच वळली. कंदुरीला बोलावणं लागत नाही, आलेल्याला जेवल्याशिवाय पाठवायचं नसतं. कितीतरी महिन्यांत कुणी मटण पाहिलं नव्हतं. माणसं ओळीनं बसली, पत्रावळी पडल्या, रस्सा वाढला, आणि कुणाचा हात हलेना. करीम मास्तरांनी फातेहा पढली, तोंडावरून हात फिरवला, मलिद्याचं ताट समोर धरलं आणि विचारलं, "हां, मुजावर किधर है?"

सगळ्यांनी आण्णांकडं पाहिलं. आण्णांनी भाऊसाहेबांकडं पाहिलं. भाऊसाहेबांनी लिंबाकडं पाहिलं.

"आमी... जाधव," आण्णा म्हणाले.

"वो तो ठीक है मियाँ, मुबारक हो," मास्तर म्हणाले. "लेकिन मुजावर कौन है?"

आत्या दारात बसून सुपात ज्वारी निवडत होती. तिनं मानही वर केली नाही. "होते हितं. गेल्या आमुशापासून न्हाईत," ती म्हणाली. "चेअरमनसायबांनी बंद केलेत."

रस्सा गार होत होता. भाऊसाहेबांच्या कपाळावर घाम आला, कारण ओळीत बसलेली ती सगळी माणसं म्हणजे होणारे सभासद होते आणि ती सगळी आता त्यांच्याकडंच बघत होती. "अवो, कुनीबी खा की पयला घास," ते म्हणाले. "मटन तर झालंय." ओळीतली माणसं नकळत जरा मागं सरकली. वाकड्या तोंडाचा माणूस आमच्याच गावचा होता, आणि तो ओळीत बसला होता. मग भाऊसाहेब आण्णांकडं वळून दबक्या आवाजात म्हणाले, "तुमीच खा ना. जाधव म्हनून खा."

मास्तर हसले. "साहेब, जाधव म्हनके खाया तो गोश्त है. मुजावर म्हनके खाया तो नवस है."

"पर असं हाय तरी काय त्या मुजावरात?" भाऊसाहेब चिडले. "अरबी नाव लावून बसायचं आन् वर एवढा तोरा!"

मास्तरांनी मलिद्याचं ताट बाईजींच्या हातात दिलं आणि खिशातून फुटाणे काढले. शिकवायचं असलं की त्यांना फुटाणे लागायचे. "अरबी तो है," ते म्हणाले. "आप का साहेब भी अरबी है, भाऊसाहेब. तालुका अरबी, जिल्हा अरबी, तहसील अरबी, हिसाब अरबी. निकाल डालो सब, फिर कारखाना कौन से जिल्हे में डालते?" ओळीत खसखस पिकली. भाऊ दाराशी उभा होता, त्याचं इनामदार मास्तरांच्याही कानावर गेलं होतं. त्याला बघून ते म्हणाले, "इनाम भी अरबी है बेटा," आणि भाऊ आत गेला. मग मात्र ते गंभीर झाले आणि सगळ्यांना कळावं म्हणून मराठीत बोलले. "जार म्हंजे शेजारी. मुजावर म्हंजे जो शेजारी ऱ्हातो तो. मक्केला जाऊन देवाच्या घराशेजारी जे जन्मभर राहून जातात, त्यान्ला मुजावर म्हन्तात. मालक न्हवं, दरबारी न्हवं. ह्याच्यात ना जात हाय ना धरम. शेजार हाय."

मी आण्णांकडं पाहिलं. मालकीहक्क गेला म्हणून त्यांना वाईट वाटेल असं मला वाटलं होतं. ते भिंतीकडं बघत होते. एकच भिंत, इकडून चुलीच्या धुरानं काळी, तिकडून उदाच्या धुरानं.

बाईजींनी काठी आपटली. "मंग शेजारी कोन हाय हितं? माजा हात अवघडला ताट धरून."

सगळी ओळ आमच्या दाराकडं बघायला लागली. आण्णा उठायला लागले, अर्धे उठले, आणि त्यांनी पुन्हा भाऊसाहेबांकडं पाहिलं. लेकीचं लग्न त्यांच्या डोळ्यांत दिसत होतं. भाऊसाहेब हो म्हणेनात, नाहीही म्हणेनात. एवढ्या लोकांत आपलाच शब्द मागं कसा घ्यायचा? आण्णा तसेच ताटकळत राहिले, ना बसलेले ना उभे. मला त्यांचा फार राग आला आणि फार दयाही आली. आत्याच्या सुपातले हात थांबले होते. माझ्या हातात पंगतीला वाढायची पाण्याची घागर होती. आणि खरं सांगायचं तर मला भूकही भयंकर लागली होती.

मी घागर खाली ठेवली, बाईजींच्या समोर जाऊन मांडी घालून बसले, आणि मलिद्याचा घास घेऊन तोंडात टाकला. "मी हाय," म्हणाले. भरल्या तोंडानं म्हणाले, त्यामुळं ते फारसं दिमाखदार झालं नाही.

मास्तरांनी बाईजींकडं पाहिलं. पोरगी, तीही लग्नाची, आणि पहिला घास! असं कधी झालं नव्हतं. बाईजींनी मला डोक्यापासून पायापर्यंत निरखलं. "शेजारी ऱ्हाती ना?" त्यांनी विचारलं. "ऱ्हाती," ओळीतून पाच-पन्नास आवाज आले. भुकेल्या माणसांचं एकमत चटकन होतं. "मंग झालं," बाईजी म्हणाल्या. "आता दुसरा घास."

दुसरा घास मी विसरलेच होते. ज्याचा नवस त्याच्या तोंडात, मुजावराच्या हातानं. सुभाष लिंबाला टेकून उभा होता, तो एकदम सरळ झाला. लग्नाआधी, दोन्ही बापांच्या देखत, सगळ्या खडीवरच्या माणसांपुढं! माय आतून "अगंबाई" म्हणून ओरडली. माझे कान तापले, पण हात मलिद्यात होता आणि आता मागं कसा घेणार? सुभाष आला, समोर बसला, आणि घाबरल्यासारखा तोंड उघडून राहिला. दातांच्या डॉक्टरकडं बसतात तसा. मी घास भरवला. तो चावायचंही विसरला. बायकांनी "नाव घे, नाव घे" म्हणून जो गिल्ला केला, त्यात ओळीतल्या माणसांनी भाकऱ्या मोडल्या आणि जेवण सुरू झालं. आता हे लग्न मोडायचं तर या सगळ्या जेवणाऱ्या माणसांना तसं सांगावं लागणार होतं, आणि ते धाडस भाऊसाहेबांत नव्हतं. त्यांनी थोडा वेळ इकडंतिकडं बघितलं आणि तेही पत्रावळीवर बसले. रस्सा वाढताना बाईजी त्यांना म्हणाल्या, "पत्रिकेत नाव नीट छाप रे. शेजार कुनी सोडत न्हाई." आण्णा कोपऱ्यात उभे होते. आत्या उठली, बुधली आणि कुंचा त्यांच्याकडून मागून घेतला. त्यांनी दोन्ही हातांनी दिला आणि म्हणाले, "चुकलं, आक्का." ती म्हणाली, "जेवून घे. गार होतंय." जाधव म्हणाली नाही.

जीप गेली तेव्हा उन्हं उतरली होती. मी भांडी गोळा करून आत आले तर आत्या कणगीमागं पाठमोरी बसली होती. पुढ्यात गाठोडं होतं आणि ती त्याची गाठ सोडत होती. दोन लुगडी, मिश्रीची डबी, आजोबांचं उपरणं आणि ऊस तोडायचा कोयता. धार लावलेला. दुसऱ्या दिवशी पहाटे गल्लीतली ऊसतोडीची टोळी दूर पश्चिमेकडच्या कारखान्याला निघायची होती, हे माझ्या लक्षात आलं. ती त्यांच्याबरोबर जाणार होती, आणि कुणालाही काही बोलली नव्हती. सकाळभर सुपातली ज्वारी निवडत, सगळ्यांना टोमणे मारत, ही बाई घर सोडायची तयारी करून बसली होती. मी दारातच खाली बसून रडायला लागले. आत्तापर्यंत कोंडलेलं सगळं एकदम बाहेर आलं.

आत्यानं वळून पाहिलं. लुगड्याची घडी दोरीवर टाकली, कोयता आढ्याला खोचला आणि डोळे पुसायला मला पदर दिला.

"ऊठ, मुजावर," ती म्हणाली. "रडतीस कावून? भांडी तशीच पडलीत."